‘पानी’ आणि ‘पाणी’ : मॅक्सीन बर्नसन यांचे मराठीचे अध्यापन

‘पानी’ म्हणणाऱ्या मुलाला ‘पाणी’ म्हणावयास लावणे म्हणजे त्याला मराठी शिकविणे, अशी आपल्यातील बहुतेकांची समजूत असते. मीही याच समजुतीत वाढलो. प्राथमिक शाळेत माझ्या शेजारी बसणारा मुलगा ‘आनि’ म्हणाला की वर्ग हसे, आणि वर्ग हसला की बाईही हसत. तो मुलगा पुढे वर्गात बोलेनासा झाला. त्याला मराठी येत नव्हते असे नव्हे. मधल्या सुट्टीत त्याच्याइतक्या रंगवून गोष्टी आमच्यापैकी कोणालाच सांगता येत नसत. पण प्रगतिपुस्तकात त्याच्या मराठीपुढे नेहमी लाल रेघ असे.

आपण सांताक्रूझला शिकतो, तेव्हा हा प्रश्न आपल्याला दूरचा वाटण्याचे कारण नाही. कलिना, वाकोला हा सारा भाग पूर्वीचे कोळेकल्याण गाव. येथील जुन्या ईस्ट इंडियन ख्रिस्ती कुटुंबांची घरची भाषा मराठीचीच एक बोली आहे. पश्चिमेला जुहूच्या कोळीवाड्यात कोळी बोली आहे. पूर्वेच्या चाळींतून आणि झोपडपट्ट्यांतून मालवणीही ऐकू येते, सातारा-सांगलीकडचे बोलणेही ऐकू येते आणि मराठवाड्याचेही. या सर्व घरांतील मुले पहिलीत जातात तेव्हा त्यांच्यापुढे एकच पुस्तक येते, आणि त्या पुस्तकातील मराठी यांपैकी कोणाच्याही घरात जशीच्या तशी बोलली जात नाही. दोन-तीन वर्षांनी त्यांतील काही मुले वाचू लागतात. काही मुले नुसती वाचल्यासारखे करतात. या दुसऱ्या मुलांना आपण ‘ढ’ म्हणतो आणि मोकळे होतो.

या मुलांना वाचता का येत नाही, या प्रश्नाला ज्यांनी आयुष्याची चाळीसहून अधिक वर्षे दिली त्या बाई मराठी नव्हत्या. अमेरिकेत जन्मलेल्या मॅक्सीन बर्नसन १९६१ साली भारतात आल्या आणि हैदराबादच्या विवेकवर्धिनी महाविद्यालयात इंग्रजी शिकवू लागल्या. पुढे भाषाशास्त्राच्या अभ्यासासाठी त्यांनी सातारा जिल्ह्यातील फलटण हे गाव निवडले. १९६६ साली त्या तेथे आल्या. १९७३ मध्ये त्यांना पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाची डॉक्टरेट मिळाली. प्रबंधाचा विषय होता फलटणची बोलभाषा आणि तिच्यातील विविधता. असे प्रबंध लिहून परदेशी अभ्यासक सहसा परत जातात. बर्नसनबाई परत गेल्या नाहीत. १९७८ साली त्यांनी भारताचे नागरिकत्व घेतले, आणि फलटणच्या मुलांच्या त्या ‘मॅक्सीनमावशी’ झाल्या.

त्यांच्या पुढील कामाची मुळे प्रबंधाच्या विषयातच आहेत, म्हणून त्याविषयी थोडे सांगितले पाहिजे. एखाद्या गावाची भाषा एकजिनसी नसते. ती जातीप्रमाणे, शिक्षणाप्रमाणे, वयाप्रमाणे आणि प्रसंगाप्रमाणे बदलते. तोच माणूस मामलेदार कचेरीत एक बोलतो आणि घरी ओट्यावर बसून दुसरे बोलतो. हे आपल्याला ठाऊक असते, पण आपण त्याकडे ‘शुद्ध-अशुद्ध’ या दोनच चष्म्यांतून पाहतो. भाषाशास्त्रज्ञ त्याकडे नियम शोधण्यासाठी पाहतो. त्याच काळात, १९६६ साली, विल्यम लॅबॉव्ह यांचा न्यूयॉर्क शहरातील इंग्रजीच्या सामाजिक स्तरांवरील ग्रंथ प्रसिद्ध झाला होता. पुढे त्यांनी असेही दाखवून दिले की, निग्रो वस्तीतील मुलांची जी भाषा शिक्षकांना तर्कहीन व मोडकी वाटत होती तिला स्वतःचे काटेकोर व्याकरण आहे.

आपल्याकडेही तसेच आहे. ‘गेलतो’, ‘आलतो’ ही रूपे चुकून तोंडातून निसटलेली नाहीत. ‘गेलो होतो’, ‘आलो होतो’ यांतील ‘हो’ ठरावीक जागी गळतो. ‘मी गेलतो’, ‘ती गेलती’, ‘ते गेलते’ अशी ती रूपे लिंगवचनाप्रमाणे व्यवस्थित चालतात. ‘ण’च्या जागी ‘न’ म्हणणारा माणूस ‘पानी’, ‘लोनी’, ‘कोन’ सगळीकडे तसेच म्हणतो. त्यात धरसोड नसते. जेथे इतका नेमकेपणा आहे तेथे अज्ञान आहे असे म्हणणे हेच मुळी अज्ञान आहे.

येथे एक विसंगती नमूद करावीशी वाटते. व्यंकटेश माडगूळकरांची ‘माणदेशी माणसं’ १९४९ साली प्रसिद्ध झाली. तो माणदेश फलटणला लागूनच आहे. त्यानंतर ग्रामीण आणि दलित साहित्याने बोलींना मराठीच्या दिवाणखान्यात आणून बसविले. अण्णा भाऊ साठ्यांची ‘फकिरा’ १९५९ची आणि दया पवारांचे ‘बलुतं’ १९७८चे. आपण पदवीच्या वर्गात या पुस्तकांतील बोलीच्या सामर्थ्यावर दहा गुणांचे उत्तर लिहितो. पण त्या बोलीचे मूल पहिलीच्या वर्गात बसले की तिच्याभोवती लाल वर्तुळ काढले जाते! ‘बलुतं’ प्रसिद्ध झाले त्याच सुमारास बर्नसनबाईंनी फलटणमधील दलित वस्तीतल्या, शाळेबाहेर राहिलेल्या मुलांसाठी ‘आपली शाळा’ नावाचा वर्ग सुरू केला. हा निव्वळ योगायोग असेल, पण मला तो महत्त्वाचा वाटतो. एकाने ती भाषा पुस्तकात आणली, तर दुसऱ्या बाजूने ती भाषा बोलणाऱ्या मुलांपर्यंत पुस्तक नेण्याचे काम सुरू झाले.

या कामातूनच १९८४ मध्ये ‘प्रगत शिक्षण संस्था’ स्थापन झाली आणि १९८६ मध्ये ‘कमला निंबकर बालभवन’ ही शाळा निघाली. ज्यांचे नाव शाळेला दिले त्या कमलाबाईही जन्माने अमेरिकनच. १९५० साली मुंबईच्या के. ई. एम. रुग्णालयात व्यवसायोपचाराचे शिक्षण त्यांनी सुरू केले. त्यांच्या सूनबाई आणि इरावती कर्वे यांच्या कन्या जाई निंबकर यांच्यासह बर्नसनबाईंनी १९७५ साली मराठीचे एक संदर्भ-व्याकरण इंग्रजीतून लिहिले होते.

या व्याकरणाचा उल्लेख मी मुद्दाम केला. परक्याला आपली भाषा शिकविण्याचे पुस्तक लिहिताना जे दिसते ते आपल्याला घरात बसून दिसत नाही. एक साधे उदाहरण घेऊ. ‘जग’ हा शब्द लिहा. आता ‘जग बदलले’ असे वाचा, आणि मग ‘तू जग’ असे वाचा. लिहिताना अक्षर एकच, पण पहिल्यात ‘ज’चा उच्चार ‘जीव’मधल्यासारखा होतो, तर दुसऱ्यात ‘जाड’मधल्यासारखा. ‘चहा’ आणि ‘चाक’ यांतही तसाच भेद आहे. मराठी जशी बोलतो तशी लिहितो, असे आपण अभिमानाने सांगतो. मराठी शिकणारा परदेशी मनुष्य पहिल्याच आठवड्यात या विधानाला अडखळतो. पहिलीतले मूलही अडखळते, पण त्याला ते सांगता येत नाही.

आता वर्णमालेकडे वळू. आपली वर्णमाला ही प्राचीन ध्वनिशास्त्राची एक अत्यंत सुंदर निर्मिती आहे यात शंका नाही. कंठापासून ओठापर्यंत क्रमाने चला: क-वर्ग, च-वर्ग, ट-वर्ग, त-वर्ग, प-वर्ग. प्रत्येक वर्गात आधी अघोष, मग घोष, शेवटी अनुनासिक. हा क्रम ज्याने लावला त्याच्या बुद्धीपुढे नतमस्तक व्हावे. पण हा क्रम ज्याला भाषा येते आणि तिचे पृथक्करण करावयाचे आहे अशा पंडितासाठी आहे. सहा वर्षांच्या मुलाला पृथक्करण नको असते. त्याला पाटीवर काय लिहिले आहे ते वाचावयाचे असते. वर्णमालेच्या क्रमाने गेल्यास पाचव्याच व्यंजनाला ‘ङ’ येतो. या अक्षराने सुरू होणारा एकही शब्द त्याच्या आयुष्यात कधी येणार नाही. दहावा ‘ञ’ही तसाच. ‘ण’ आणि ‘ळ’ यांनी तर मराठीत शब्दाचा आरंभच होत नाही, म्हणून तक्त्यावर ‘ण बाणाचा’ आणि ‘ळ बाळाचा’ अशी कसरत करावी लागते. आणि रोज लागणारे म, र, ल, स कधी येतात? पंचविसाव्या अक्षरापासून पुढे.

त्यानंतर बाराखडी. क्ष आणि ज्ञ सोडले तरी चौतीस व्यंजने आणि प्रत्येकाची बारा रूपे, म्हणजे चारशे आठ चिन्हे. ही पाठ होईपर्यंत वाचण्यासारखा एक शब्दही मुलाच्या हाती पडत नाही. शिवाय ‘कमळाचा क’ असे घोकलेले मूल ‘कर’ हा शब्द समोर आला की ‘कमळाचा क, रथाचा र’ असे म्हणते. दोन आवाज जोडून ‘कर’ म्हणावयाचे असते हे त्याला कोणी सांगितलेलेच नसते. ज्याच्या घरी वर्तमानपत्र येते, आजोबा गोष्टीचे पुस्तक वाचून दाखवितात, ते मूल ही उडी स्वतःच मारते, आणि आपण श्रेय शाळेला देतो. ज्याच्या घरी छापील कागद म्हणजे फक्त भेळेचा पुडा, ते मूल ‘कमळाचा क’पाशीच राहते.

फलटणला ज्या पद्धतीची घडण झाली तिचे सूत्र येथे आहे. अक्षरे वर्णमालेच्या क्रमाने न शिकविता लहान लहान गटांनी शिकवावयाची. पहिल्या गटात अशी अक्षरे घ्यावयाची की त्यांच्यातून लगेच अर्थपूर्ण शब्द होतील. काना-मात्रा शेवटासाठी न ठेवता आरंभापासून बरोबर घ्यावयाच्या. आपण स्वतःच प्रयोग करून पाहावा. समजा क, म, ल, न, ब, र ही सहा अक्षरे आणि काना एवढेच घेतले. काम, कान, नाक, मान, लाल, बाक, मला, कमान, काका, मामा, नाना, बाबा हे शब्द झाले. ‘काका, काम करा’ हे वाक्य झाले. चारशे आठ चिन्हांनंतर जे मिळत नव्हते ते सात चिन्हांत मिळाले. हा गट माझा आहे, फलटणचा नव्हे. तत्त्व समजावे म्हणून दिला.

पण ही नुसती अक्षरांची युक्ती असती तर या लेखाचे प्रयोजन नव्हते. पाश्चात्त्य देशांत वाचन शिकविण्यावरून दोन पक्षांचे मोठे भांडण झाले. एक पक्ष म्हणतो, अक्षर आणि आवाज यांची जोडी आधी पक्की करा. दुसरा म्हणतो, मुलाला अर्थ द्या, अक्षरे मागाहून येतील. १९५५ साली रुडॉल्फ फ्लेश यांच्या पुस्तकाने अमेरिकेत हा वाद घरोघरी नेला. बर्नसनबाईंनी यांतील एक बाजू घेऊन दुसरीला शिव्या दिल्या नाहीत. अक्षरे पद्धतशीर शिकविलीच पाहिजेत, असा त्यांचा आग्रह होता. त्याबरोबरच मुलाला पहिल्या दिवसापासून गोष्टी वाचून दाखविणे, त्याला बोलते करणे, त्याने सांगितलेले त्याच्यासमोर लिहून तेच त्याला वाचावयास देणे, त्याने काढलेल्या चित्राखाली त्याचेच शब्द लिहिणे, हेही तितकेच आवश्यक मानले. न्यूझीलंडमध्ये सिल्व्हिया ॲश्टन-वॉर्नर या शिक्षिकेने माओरी मुलांना त्यांनी स्वतः मागितलेल्या शब्दांपासून वाचावयास शिकविले होते. १९६३ साली तिने त्यावर पुस्तक लिहिले. आपल्याकडे ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ पासून बोर्डीला आणि पुढे कोसबाडला मुलांच्या अंगणातच शाळा नेली होती. मूल जेथे आहे तेथून सुरुवात करावयाची, ही कल्पना नवी नाही. मराठी वाचनाचा पहिला तास त्या कल्पनेप्रमाणे प्रत्यक्ष कसा घ्यावयाचा हे बारकाईने बसविणे, आणि ज्यांना कोणी शिकवू धजत नव्हते अशा मुलांबरोबर ते वर्षानुवर्षे तपासून पाहणे, हे काम नवे होते.

परंतु मुलाने सांगितलेले लिहावयाचे म्हटले की सगळ्यांत अवघड प्रश्न उभा राहतो. मूल ‘पानी’ म्हणाले, तर फळ्यावर काय लिहावयाचे? ‘पानी’ लिहावे तर शासनमान्य लेखनाच्या विरुद्ध जाते, आणि उद्या परीक्षेत त्याचेच गुण जातात. ‘पाणी’ लिहावे तर ‘तुझे चुकले’ असे आपण त्याला न बोलता सांगतो. हा प्रश्न मी पुष्कळ दिवस डोक्यात घोळवीत होतो. त्याचे उत्तर मला पुस्तकात मिळाले नाही.

वाकोल्याला आम्ही काही विद्यार्थी संध्याकाळी एक अभ्यासवर्ग चालवितो. त्यात चौथीतला एक मुलगा येई. पाठ्यपुस्तकातील धडा तो खणखणीत आवाजात म्हणून दाखवी. एकदा मी त्याचे बोट पाहिले. तोंड एका ओळीवर होते आणि बोट दोन ओळी खाली. सगळा धडा त्याला ऐकून पाठ होता! पुस्तक मिटून ‘काम’ एवढा शब्द लिहून दिला, तर तो छताकडे पाहू लागला. तीन वर्षे त्याने हे कसे निभावले असेल याचा विचार करून मला त्याच्या हुशारीचे कौतुकही वाटले आणि पोटात कालवलेही. आमच्यातल्या एकाने त्याला पुन्हा पहिलीच्या पुस्तकापासून, ‘अ अननसाचा’ पासून बसवावे असे सुचविले. मुलाने ते ऐकले आणि दुसऱ्या दिवशी तो आलाच नाही. त्याची समजूत घालून त्याला परत आणावे लागले.

मग मी वर दिलेला गट घेऊन सुरुवात केली. पहिल्या दोन आठवड्यांत फार काही घडले असे नाही. ‘मान’ आणि ‘नाम’ यांत तो गोंधळे, उलटसुलट वाची. ‘कि’ या अक्षरात वेलांटी आधी दिसते पण आवाज मागून येतो, हे कळल्यावर तो माझ्यावरच रागावला. असे का, म्हणून विचारू लागला. मला उत्तर देता आले नाही. मराठी घेऊन बी. ए. करणाऱ्याला ते देता यावे, पण मीही ते कधी कोणाला विचारले नव्हते.

एके दिवशी मी त्याला काहीही सांग म्हणालो. तो म्हणाला, “आमच्याकडं पानी पहाटं चारला येतं. आई मला उटवती. मी लाइनीत उभा ऱ्हातो.” मी लिहून घेऊ लागलो आणि ‘पानी’पाशी थांबलो. शेवटी शिरस्त्याप्रमाणे ‘पाणी’ लिहिले. ‘उटवती’चे ‘उठवते’ केले. ‘ऱ्हातो’चे ‘राहतो’. कागद त्याच्यापुढे ठेवताना मनात धाकधूक होती. त्याने बोट ठेवून, या वेळी नेमक्या शब्दावर ठेवून, सावकाश वाचले : “आमच्याकडं... पानी...” आणि पुढे “उटवती”. ‘ण’ हे अक्षर त्याला तोवर ठाऊक झाले होते. त्याने ते पाहिले, ओळखले आणि आपल्या घरच्या उच्चाराने म्हटले. कसलीही अडचण आली नाही. आपण ‘चहा’ आणि ‘चाक’ यांतला ‘च’ एकाच अक्षराने लिहितो आणि दोन तऱ्हांनी वाचतो, तसेच हे. त्याचे लेखन प्रमाण होते, उच्चार त्याचा होता, आणि तो खरोखर वाचत होता. मी टोकण्यासाठी तोंड उघडले होते, ते मिटले.

म्हणजे अडचण मुलाला नव्हतीच. लिहिण्याचा एक संकेत शिकणे आणि आपली बोली टाकून देणे ही दोन वेगवेगळी कामे आहेत. आपण ती एकत्र बांधतो, आणि दुसऱ्याचा राग पहिल्यावर निघतो. प्रमाणभाषा शिकवूच नये, असे म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही. ज्याला अर्ज लिहावयाचा आहे, मुलाखतीला जावयाचे आहे, त्याला ती आली पाहिजे. ती न शिकविणे म्हणजे त्याच्या बाजूने बोलण्याचा आव आणून त्याला दाराबाहेर ठेवणे होय. पण ती कधी शिकवावी आणि कशाच्या बदल्यात, हा प्रश्न आहे. फलटणच्या शाळेने मुलाच्या घरच्या बोलीला वर्गात मज्जाव केला नाही आणि प्रमाण मराठीही सोडली नाही. आधी मूल बोलते व वाचते झाले पाहिजे, प्रमाण रूपे वाचता वाचता अंगवळणी पडतात, असे हे धोरण दिसते. माझा अनुभव फार थोडा आहे, पण तो त्याला धरून आहे. दोन महिन्यांनी त्याच मुलाने स्वतः लिहिताना ‘पाणी’ असे लिहिले. मी ते सुचविले नव्हते. बोलताना तो अजूनही ‘पानी’च म्हणतो.

एक शंका आमच्या प्राध्यापकांनी चर्चेत काढली होती, ती नोंदविली पाहिजे. चाळीस-पन्नास मुलांच्या वर्गात एकेकाचे बोलणे लिहून घेणे शिक्षकाला कसे जमावे? ही अडचण खरी आहे, आणि संध्याकाळी सात-आठ मुलांना घेऊन बसणाऱ्याने तिच्यावर सोपे उत्तर देऊ नये. मात्र अक्षरांचा क्रम बदलण्यास अधिक शिक्षक लागत नाहीत, आणि हसू आवरण्यासही लागत नाहीत. आपल्यापैकी किती तरी जण पुढे डी. एड., बी. एड. करून याच उपनगरांतील शाळांतून शिकवावयास जाणार आहेत. त्यांनी व्याकरणाच्या तासाला ‘वर्णविचार’ पाठ करताना एकदा पहिलीतल्या मुलाच्या डोळ्यांनीही तो पाहावा.

वाकोल्याचा तो मुलगा आता पाचवीत गेला आहे. दुकानांच्या पाट्या वाचण्याचा त्याला नाद लागला आहे. जोडाक्षरे मात्र अजून राहिली आहेत. ‘र’ची चार रूपे, सूर्यातला रफार, चक्रातला तिरपा, राष्ट्रातला खालचा आणि ‘दुसऱ्या’तला, त्याला चार निरनिराळी अक्षरे वाटतात, आणि त्यात त्याचे काही चुकते असे मला वाटत नाही. स्टेशनवरची पाटी वाचताना तो ‘सांता’पर्यंत भराभर येतो आणि ‘क्रू’पाशी थांबून माझ्याकडे पाहतो.